गेटवरचा माणूस

कॉलेजातलं राजकारण पाहायचंय? मग 'पोर्टरहाउस ब्लू' शोधा. टॉम शार्प यांच्या कादंबरीवरची ही चार भागांची मालिका १९८७मध्ये ब्रिटनच्या चॅनल फोरवर आली. केंब्रिजमधल्या एका काल्पनिक कॉलेजात नवे प्रमुख सर गॉडबर मुलींना प्रवेश द्यायचं ठरवतात आणि जुने प्राध्यापक गोड बोलून त्यांचे पाय ओढू लागतात. खरा भिडतो तो हेड पोर्टर स्कलियन. उभं आयुष्य गेटवर काढलेल्या या माणसालाच घरी पाठवतात. पण श्रीमंत पोरांच्या परीक्षा कोणी दिल्या, हे त्याला पक्कं ठाऊक असतं! डेव्हिड जेसन यांना या भूमिकेसाठी बाफ्टा मिळालं. सुधारणा तुम्हालाही पटतील, तरी जीव तुटेल तो स्कलियनसाठीच. विनोद जरा चावट आहे, तेव्हा मुलं झोपल्यावरच लावा.