मों ब्लां : हिमनदी आणि वाटाड्यांचा संघ

फ्रान्स-इटलीच्या सरहद्दीवरचे मों ब्लां, म्हणजे 'शुभ्र पर्वत', हे आल्प्सचे सर्वोच्च शिखर. माथ्यावर बर्फाचा जाड थर असल्यामुळे त्याची उंची कमीजास्त होते. २०२१ साली ती ४,८०७.८१ मीटर भरली; २०२३ साली ४,८०५.५९. अटलांटिकवरचे ओले वारे येथे अडतात, हिम पडते, साठते, दाबाने घट्ट होते आणि हिमनदी होऊन उताराने सरकू लागते.

शास्त्रज्ञ सोस्यूर याने १७६० साली या चढाईसाठी बक्षीस लावले. ८ ऑगस्ट १७८६ रोजी शामोनीचे डॉक्टर पाकार आणि स्फटिक शोधून पोट भरणारा बाल्मा हे दोघे माथ्यावर पोहोचले. पुढच्याच वर्षी सोस्यूर स्वतः वर गेला, तो अठरा वाटाड्यांच्या बळावर.

१८२० साली हिमलोटाने तीन वाटाडे बर्फाच्या भेगेत गाडले. त्यातून १८२१ साली शामोनीच्या वाटाड्यांचा संघ उभा राहिला. काम पाळीने वाटायचे आणि संकटात सापडलेल्यांसाठी मदतनिधी ठेवायचा, हा त्याचा पाया. त्या तिघांचे अवशेष १८६१ साली बोसों हिमनदीच्या पायथ्याशी निघू लागले. बर्फाला खाली यायला एकेचाळीस वर्षे लागली!

मुंबईहून निघालेली एअर इंडियाची दोन विमाने याच पर्वतावर आदळली. १९६६ साली ११७ माणसे गेली, त्यांत डॉ. होमी भाभा होते. १९५० साली ४८ गेली. त्यांत चाळीस खलाशी होते, परदेशी बोटीवर कामाला निघालेले. भाभांचे नाव सर्वांना ठाऊक आहे. त्या खलाशांपैकी एकाचे तरी आपल्याला सांगता येईल काय?