तिखट खिम्याचा हॉट डॉग, घरच्या घरी

हॉट डॉग म्हणजे लांबट पावात घातलेलं सॉसेज. त्यावर तिखट, बारीक खिम्याचा थर घालण्याची पद्धत अमेरिकेत विसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकात रुजली. मिशिगन राज्यातल्या डेट्रॉइट, जॅक्सन अशा शहरांत ग्रीस आणि मॅसिडोनियातून आलेल्या लोकांनी ती रुळवली. खिम्यात तिखट, जिरं, लसूण. वरून मोहरी आणि कच्चा कांदा. आपल्या जवळपासही या पदार्थाचे भाऊबंद आहेत. गोव्यात चोरिस पाव खातात, तर सातपुड्यापलीकडच्या इंदुरात मटणाची टिक्की बनमध्ये घालून तव्यावर शेकतात आणि तिला हॉट डॉगच म्हणतात. लागणारं जवळजवळ सगळं सामान बुलढाणा जिल्ह्यातल्या स्वयंपाकघरात असतंच.

हा पदार्थ साधतो किंवा बिघडतो तो खिम्यावर. जेवणातला सुका, दाणेदार खिमा पावावरून घरंगळतो आणि रस्सेदार खिम्याने पाव भिजून फाटतो. आपल्याला हवा तो या दोहोंच्या मधला, सॉसेजला चिकटून बसणारा. तो कसा होतो, हे नीट समजून घेऊ.

साहित्य (सहा हॉट डॉगसाठी)

चिकन सॉसेज 6, लांबट पाव 6, मटणाचा किंवा चिकनचा बारीक खिमा 300 ग्रॅम, मध्यम कांदे 2, टोमॅटो 2, लसूण 8 पाकळ्या, आल्याचा लहान तुकडा, तिखट 2 चमचे, धणेपूड 2 चमचे, भाजलेल्या जिऱ्याची पूड 1 चमचा, काळा मसाला अर्धा चमचा, डाळव्याचं पीठ 2 मोठे चमचे, तेल 2 मोठे चमचे, पाणी 2 कप, लिंबू, मोहरी, लोणी, सांभार आणि मीठ. सॉसेजमध्ये मीठ आधीच असतं, म्हणून खिम्यात ते बेताने घाला. काळ्या मसाल्याचं प्रमाणही वाढवू नका. त्यातल्या खोबऱ्या-खसखशीच्या चवीखाली जिरं दबतं आणि इथे पुढे यायला हवं ते जिरंच.

खिमा

कच्चा खिमा गंजात घ्या, त्यात दोन कप थंड पाणी ओता आणि गॅस न लावता हाताने मोडा. भज्यांच्या पातळ पिठासारखं एकजीव दिसू लागलं की मध्यम आचेवर ठेवा आणि उकळी येईपर्यंत सराट्याने ढवळत राहा. गरम तेलात खिमा टाकला तर बाहेरची प्रथिनं लगेच घट्ट होतात आणि गुठळ्या तशाच राहतात. थंड पाण्यात मात्र कण आधी सुटे होतात, मग शिजतात. बारीक, मऊ पोत येतो तो यामुळेच. वर आलेला फेस काढून टाका.

दुसरीकडे कढईत तेल तापवून एक कांदा बारीक चिरून परता. तो गुलाबी झाला की वाटलेलं आलं-लसूण घाला. नंतर आच मंद करून तिखट, धणेपूड, जिरेपूड आणि काळा मसाला टाका. तिखट जळलं तर कडवट होतं, म्हणून अर्ध्या मिनिटातच किसलेला टोमॅटो घाला. तेल सुटू लागलं की हे सगळं खिम्याच्या गंजात ओता, मीठ घाला आणि अर्धवट झाकण ठेवून मंद आचेवर शिजू द्या. मटणाला पाऊण तास लागतो, चिकनला साधारण पंचवीस मिनिटं.

शेवटी डाळव्याचं पीठ थोड्या पाण्यात कालवून घाला आणि पाच मिनिटं उकळा. गंजाच्या तळाशी सराटा ओढला की मागे वाट दिसावी आणि ती हळूहळू बुजावी. असं झालं की खिमा तयार. खाली उतरवून अर्धं लिंबू पिळा.

सॉसेज

पाकीट घेताना अन्न परवाना क्रमांक आणि तारीख पाहा. आत बर्फाचा जाड थर असेल तर माल मध्येच वितळून पुन्हा गोठलेला असू शकतो. तो घेऊ नका. सॉसेज फ्रिजच्या खालच्या कप्प्यात वितळवा, ओट्यावर नको. बाजारातली बहुतेक सॉसेज आधीच शिजवलेली असतात, तरी पाकिटावरची सूचना वाचा. उकळी येण्याच्या बेतातल्या पाण्यात ती पाच-सहा मिनिटं ठेवावीत. खळखळ उकळीत साल फुटून रस बाहेर जातो. मग थोड्या तेलावर तव्यावर फिरवून तांबूस डाग येऊ द्या.

सॉसेज मिळाली नाहीत तर चिकनचा थंड खिमा मीठ आणि चमचाभर बर्फाचं पाणी घालून चिकट होईपर्यंत मळा. मिठामुळे मांसातली प्रथिनं सुटतात आणि तीच खिमा धरून ठेवतात. लांब वळ्या करून इडलीपात्रात पंधरा मिनिटं वाफवा, आतपर्यंत शिजल्याची खात्री करा आणि मग तव्यावर शेका.

पाव

लांबट बन बेकरीत नसतील तर लादीतले जोडलेले दोन पाव न तोडता घ्या आणि वरून लांबीत चीर द्या. चीर तळापर्यंत नेऊ नका. घरी करायचे तर 250 ग्रॅम मैदा, 150 मिलिलिटर कोमट दूध, 5 ग्रॅम यीस्ट, 20 ग्रॅम साखर, 25 ग्रॅम लोणी आणि पाऊण चमचा मीठ एकत्र करून दहा मिनिटं मळा. पीठ फुगायला लागणारा वेळ हवेवर असतो. घाटाखाली मलकापूर-नांदुऱ्याच्या उन्हाळ्यात अर्धा-पाऊण तास पुरतो, तर घाटावर बुलढाणा-चिखलीच्या थंडीत दीड तासही लागेल. म्हणून घड्याळ पाहू नका, पीठ दुप्पट झालं का ते पाहा. सहा लांबट गोळे वळून पुन्हा फुगू द्या आणि 190 अंश सेल्सिअसला पंधरा ते अठरा मिनिटं भाजा.

जुळणी

पावाची आतली बाजू लोण्यावर शेका; त्यामुळे खिम्याचा ओलावा लवकर आत मुरत नाही. सॉसेज ठेवा, वर फेसलेली मोहरी लावा, दोन मोठे चमचे खिमा पसरा आणि शेवटी कच्चा कांदा व सांभार भुरभुरा. मोहरी थंड पाण्यात फेसा, गरम पाण्यात तिचा झणका मरतो. वाढायच्या वेळीच जुळणी करा.

उरलेला खिमा एरवी दोन तासांत आणि उन्हाळ्यात तासाभरात फ्रिजमध्ये जायला हवा. पुन्हा खाताना त्याला चांगली उकळी आणा. घरात लहान मुलं असतील तर त्यांचं सॉसेज आधी लांबीत चिरा आणि मगच बारीक तुकडे करा. गोल चकत्या घशात अडकतात, त्या लहानग्यांना कधीही देऊ नका.