स्टेटमेंटवरची अनोळखी ओळ

क्रेडिट कार्डाचे स्टेटमेंट पाहण्याचे काम आपल्या बहुतेक घरांत कुणातरी एकाकडेच असते. ती व्यक्तीही एकूण रक्कम पाहते, पूर्ण भरते आणि पुढच्या कामाला लागते. बिल वेळेवर भरण्याची आपली सवय चांगलीच आहे, पण बिल भरणे वेगळे आणि बिल वाचणे वेगळे. एके काळी महिन्याला दहा-बारा नोंदी असत. आता डाळ-तांदळापासून मुलांच्या वह्यांपर्यंत सारे काही ऑनलाइन मागवले जाते, आणि स्टेटमेंटच्या ओळी पन्नास-साठच्या घरात जातात. त्यांतच एखादी ओळ अशी दिसते की घरात कुणालाच तिचा पत्ता नसतो. “हे ३१ डॉलर १७ सेंट कसले?”

अशा वेळी काही मंडळी “असेल काहीतरी” म्हणून सोडून देतात, तर काही लगेच बँकेला फोन करून कार्ड बंद करायला लावतात. पहिल्या प्रकारात कायद्याने दिलेली मुदत हातची जाते. दुसऱ्या प्रकारात विजेचे, फोनचे, विम्याचे आपोआप जाणारे हप्ते अडकतात, आणि आठवड्याने कळते की ती खरेदी सौभाग्यवतींनीच केली होती! म्हणून आधी ओळख पटवायची आणि मगच हरकत घ्यायची, हा क्रम चांगला.

सुरुवात नावापासून करू. स्टेटमेंटवर दुकानाच्या नावासाठी जागा जेमतेम वीस-बावीस अक्षरांची असते, त्यामुळे नावे तोडून-मोडून छापलेली असतात. ‘ए-एम-झेड-एन एम-के-टी-पी’ म्हणजे अ‍ॅमेझॉनवर दुकान मांडलेल्या दुसऱ्या विक्रेत्याकडून केलेली खरेदी. पुढे ‘डब्ल्यू-ए’ दिसले तर आपले कार्ड कुणी सिएटलला नेले असे समजू नये. कंपनीचे मुख्य कार्यालय वॉशिंग्टन राज्यात आहे, एवढाच त्याचा अर्थ. ‘एस-क्यू’ आणि पुढे तारा म्हणजे स्क्वेअरचे कार्डयंत्र, जे छोटे दुकानदार आणि जत्रेतले स्टॉलवाले वापरतात. तिथे पाटीवर एक नाव आणि स्टेटमेंटवर मालकाच्या नोंदणीकृत कंपनीचे दुसरेच नाव, असे हमखास होते. आपण वडापाव खाल्लेला असतो आणि नोंद एखाद्या ‘एंटरप्रायझेस’ची असते.

नावानंतर रक्कम. समजा, आपण एकाच वेळी ८६ डॉलर ४० सेंटचे सामान मागवले. अ‍ॅमेझॉनसारखी दुकाने साधारणपणे माल रवाना होतो तेव्हा पैसे घेतात. माल दोन खोक्यांतून दोन दिवशी निघाला, तर स्टेटमेंटवर ३१ डॉलर १७ सेंट आणि ५५ डॉलर २३ सेंट अशा दोन नोंदी येतात आणि ८६.४० हा आकडा कुठेच सापडत नाही. म्हणून ऑर्डरची एकूण रक्कम शोधत बसू नये. दुकानाच्या खात्यात पैशांच्या व्यवहारांचे वेगळे पान असते. तिथे कार्डावर प्रत्यक्ष लागलेली रक्कम तारखेनिशी दिसते. शिवाय खरेदीची तारीख आणि ती बँकेत नोंदली गेल्याची तारीख यांत दोन-तीन दिवसांचा फरक पडतो, हेही ध्यानात असावे.

भारतात आई-बाबांना दिवाळीचा फराळ किंवा वाढदिवसाचा केक पाठवणाऱ्यांनी आणखी एक गोष्ट पाहावी. रक्कम रुपयांत लागली असेल तर डॉलरचा आकडा नोंदणीच्या दिवशीच्या दराने ठरतो, आणि अनेक कार्डे त्यावर तीन टक्क्यांपर्यंत परदेशी व्यवहाराचे शुल्क लावतात. हे शुल्क कधी कधी स्वतंत्र ओळीत येते आणि तीच ओळ अनोळखी वाटते.

आता घरातल्या माणसांकडे वळू. कार्ड एकदा खात्यात साठवले की ते सर्वांचेच होते. लहान मूल टॅब्लेटवर खेळता खेळता नाणी आणि हिरे विकत घेते, आणि आपल्याला वाटते की कुणी कार्ड चोरले. हा प्रकार इतका बोकाळला होता की २०१४ मध्ये फेडरल ट्रेड कमिशनने अ‍ॅपल, गूगल आणि अ‍ॅमेझॉन या तिन्ही कंपन्यांवर कारवाई केली. तेव्हा मुलांना रागावण्याआधी टॅब्लेटमध्ये खरेदीसाठी पासवर्ड सक्तीचा करावा.

सर्वांत फसव्या असतात त्या वर्गण्या. महिनाभर फुकट म्हणून घेतलेली सेवा मुदत संपताच पैसे घेऊ लागते, आणि वर्षाला एकदाच लागणारी वर्गणी तर आपण साफ विसरलेलो असतो. दर वाढला की आकडाही ओळखीचा राहत नाही. २०२२ मध्ये अ‍ॅमेझॉन प्राइमची वार्षिक वर्गणी ११९ वरून १३९ डॉलर झाली, तेव्हा पुष्कळांना ती नोंद परकी वाटली. लोकांची स्पष्ट संमती न घेता त्यांना प्राइमचे सभासद करून घेतले आणि बाहेर पडणे मुद्दाम अवघड ठेवले, असा दावा कमिशनने जून २०२३ मध्ये कोर्टात लावला. सप्टेंबर २०२५ मध्ये तो अडीच अब्ज डॉलरवर मिटला. त्यातले दीड अब्ज ग्राहकांना परत देण्यासाठी होते. तेव्हा “आपणच कुठेतरी चुकून बटण दाबले असेल” असे म्हणून गप्प बसणाऱ्यांनी एवढा कमीपणा घेण्याचे कारण नाही.

वर्गणीबाबत एक गैरसमज मात्र काढून टाकायला हवा. कार्ड बदलले की वर्गणी आपोआप बंद पडते, असे अनेकांना वाटते. व्हिसा आणि मास्टरकार्ड यांच्याकडे नवा नंबर दुकानदाराला कळवण्याची सोय आहे, त्यामुळे नव्या कार्डावरही जुनी वर्गणी बिनबोभाट लागू शकते. ती मूळ ठिकाणीच रद्द करावी आणि रद्द झाल्याची ई-मेल जपून ठेवावी.

एवढे करूनही ओळ अनोळखीच राहिली तर ती गंभीरपणे घ्यावी, मग रक्कम एक डॉलर का असेना. चोरलेला नंबर चालतो की नाही हे पाहायला चोर आधी किरकोळ खरेदी करतात आणि मग मोठा हात मारतात. बँकेला फोन करायचा तो कार्डाच्या मागे छापलेल्या नंबरवर. आपल्याला आलेल्या फोनवर किंवा ई-मेलमधल्या नंबरवर कधीही नाही. “तुमच्या नावाने हजार डॉलरची ऑर्डर लागली आहे, रद्द करायची असेल तर एक दाबा” असे फोन घरोघरी येतात. भारतातून आलेले आई-बाबा दुपारी एकटे असतात आणि समोरचा अदबीने बोलतो म्हणून ऐकत बसतात. गिफ्ट कार्डाचे नंबर मागणारा किंवा कॉम्प्युटरचा ताबा मागणारा माणूस बँकेचाही नसतो आणि दुकानाचाही नसतो, हे त्यांना आधीच सांगून ठेवावे.

आता कायदा. यात क्रेडिट आणि डेबिट या दोन कार्डांत जमीन-अस्मानाचा फरक आहे. क्रेडिट कार्डाला १९७४ चा फेअर क्रेडिट बिलिंग अ‍ॅक्ट लागू आहे. परवानगीविना झालेल्या खरेदीची आपली जबाबदारी फार तर ५० डॉलर, आणि व्हिसा-मास्टरकार्डच्या स्वतःच्या नियमांमुळे ती सहसा शून्यच असते. डेबिट कार्डाला १९७८ चा वेगळा कायदा आहे. कार्ड हरवल्याचे कळल्यापासून कामकाजाच्या दोन दिवसांत बँकेला सांगितले तर ५० डॉलर. उशीर केला तर ५०० पर्यंत. स्टेटमेंट पाठवल्यापासून ६० दिवसांत कळवले नाही, तर त्यानंतर जाणारे पैसे सगळेच्या सगळे आपल्या अंगावर पडू शकतात. आणि डेबिटमध्ये पैसे आधीच खात्यातून गेलेले असतात. चौकशीला कामकाजाच्या दहा दिवसांहून अधिक वेळ लागणार असेल तर बँकेने सहसा ती रक्कम तात्पुरती जमा करायची असते, पण तेवढ्यात घराच्या हप्त्याचा चेक परत गेला म्हणजे? ऑनलाइन खरेदीला डेबिट कार्ड वापरूच नये, असे माझे स्पष्ट मत आहे.

क्रेडिट कार्डाच्या हरकतीसाठीही मुदत ६० दिवसांचीच आहे, आणि ती मोजायची ज्या स्टेटमेंटवर चूक प्रथम दिसली ते पाठवल्यापासून. भारतात दोन महिने सुट्टीला गेलेल्या कुटुंबांची मुदत अशीच निघून जाते. तिथूनही स्टेटमेंट उघडून पाहावे. मागवलेला माल न मिळणे ही देखील याच कायद्याखाली हरकत घेण्याजोगी चूक आहे. फोनवर किंवा बँकेच्या साइटवर तक्रार जरूर नोंदवा, पण कायद्याचे पूर्ण संरक्षण लेखी पत्राला आहे. पत्रात नाव, खाते क्रमांक, रक्कम, तारीख आणि ती चूक का वाटते हे चार ओळींत लिहावे. ते बिल भरण्याच्या पत्त्यावर पाठवू नये. स्टेटमेंटवर बिलासंबंधी चौकशीचा जो वेगळा पत्ता असतो त्यावर, पोचपावतीसह सर्टिफाइड मेलने पाठवावे.

पत्र मिळाल्याचे बँकेने ३० दिवसांत कळवायचे आणि निकाल दोन बिलांच्या अवधीत, जास्तीत जास्त ९० दिवसांत द्यायचा. तोवर वादातली रक्कम भरावी लागत नाही आणि ती थकबाकी म्हणून क्रेडिट ब्यूरोकडे कळवता येत नाही. बाकीचे बिल मात्र वेळेवर भरायचेच. निकाल आपल्या विरुद्ध गेला तर बँकेने कारण लेखी द्यायचे असते, आणि आपण मागितल्यास कागदपत्रांच्या प्रतीही द्याव्या लागतात. त्या जरूर मागाव्यात. माल कोणत्या पत्त्यावर पोचवला हे बहुधा त्यांतच लिहिलेले असते.