पोरगी सज्ञान, मग कुलूप कशाला?

खरिपाच्या सभेला गावोगाव जाताना कानावर येतं : पोरीनं मनाचं लग्न ठरवलं, बापानं खोलीत कोंडलं. पोलीस पाटील म्हणतात, "घरचा मामला." शेतकरी बंधूंनो, तसं नाही. १८ वर्षं पूर्ण झालेल्या मुलीला मर्जीविरुद्ध डांबणं बेकायदा आहे. तिच्यासाठी नातेवाईक, मैत्रीणसुद्धा उच्च न्यायालयात बंदीप्रत्यक्षीकरणाचा अर्ज करू शकते. मग तिला न्यायालयापुढे आणून तिचीच मर्जी विचारतात. केरळच्या हादियाचं लग्न २०१७ मध्ये तिथल्या उच्च न्यायालयानं रद्द करून तिला आईबापाकडे दिलं. २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं तो निकाल फिरवला. प्रांतसाहेबही झडतीचं वॉरंट काढू शकतात. तेव्हा पाटील, सरपंच मंडळींनी आधी कुलूप काढायला लावावं. समजूत नंतर घालता येते.