यादी मिळणार नाही!

मित्रांनो, "तुझं नाव काय?" असं कुणी विचारलं, तर तुम्ही पटकन सांगाल. त्यात लपवायचं काय? पण नुसतं नाव कळल्यानं एखाद्याची नोकरी जाणार असेल, घरावर बाँब पडणार असेल तर? आणि ते नाव खुद्द सरकारच मागत असेल तर?

ही गोष्ट आहे अमेरिकेतल्या अलाबामा राज्याची. तिथे कृष्णवर्णीयांच्या शाळा वेगळ्या, पाण्याचे नळ वेगळे, बसमधली जागासुद्धा वेगळी! या अन्यायाविरुद्ध कायद्याच्या मार्गानं लढणारी एक संस्था अमेरिकेत १९०९ साली स्थापन झाली होती. तिचं नाव 'नॅशनल असोसिएशन फॉर द अ‍ॅडव्हान्समेंट ऑफ कलर्ड पीपल'. केवढं लांबलचक! म्हणून लोक तिला 'एन-डबल-ए-सी-पी' म्हणतात.

१ डिसेंबर १९५५ रोजी अलाबामातल्या माँटगोमेरी शहरात रोझा पार्क्स यांनी बसमधली आपली जागा गोऱ्या प्रवाशासाठी सोडायला नकार दिला. त्या या संस्थेच्या स्थानिक शाखेच्या चिटणीस होत्या, बरं का! त्यांना अटक झाली आणि पुढे नोकरीही गेली. कृष्णवर्णीयांनी बसवर बहिष्कार टाकला, तर त्यांचे पुढारी मार्टिन ल्यूथर किंग यांच्या घरावर बाँब पडला.

अशा दिवसांत, जून १९५६ मध्ये, अलाबामा सरकारनं संस्थेला कोर्टात खेचलं. तक्रार काय, तर परराज्यातल्या संस्थेनं करायची नोंदणी तिनं केलेली नाही. कोर्टानं कागदपत्रं मागवली. त्यात राज्यातल्या सगळ्या सभासदांची नावं आणि पत्तेही होते.

संस्थेनं बाकीची बरीच कागदपत्रं दिली. पदाधिकाऱ्यांची नावं सांगायलाही तिची तयारी होती. पण साध्या सभासदांची यादी? ती मिळणार नाही! कोर्टानं १०,००० डॉलर दंड ठोठावला. पाच दिवसांत यादी आली नाही, तेव्हा दंड थेट १,००,००० डॉलरवर गेला. तरीही यादी दिली नाही.

प्रकरण अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयात गेलं. संस्थेची बाजू वकील रॉबर्ट कार्टर यांनी मांडली. ३० जून १९५८ रोजी नऊही न्यायमूर्तींनी एकमतानं संस्थेच्या बाजूनं निकाल दिला. तो लिहिला न्यायमूर्ती हार्लन यांनी.

निकालाचं म्हणणं असं : याआधी ज्यांची नावं उघड झाली, त्यांना नोकरी गमवावी लागली, मारहाणीच्या धमक्या आल्या, लोकांचा रोष सोसावा लागला. आता यादी दिली, तर लोक भीतीनं संस्था सोडतील, नवे येणार नाहीत. मग संस्थेवर बंदी न घालताच ती बंद पडेल! शिवाय नोंदणी झाली की नाही, हे ठरवायला सभासदांची नावं लागतातच कशाला?

मोठी माणसं मत द्यायला जातात, तेव्हा आडोशामागे का मत देतात? ते चोरी थोडीच करतात? निर्भयपणे मत देता यावं, म्हणून तो आडोसा असतो. इथेही तसंच आहे.

मग कुठल्याही संघटनेनं सभासद लपवावेत का? नाही. 'कू क्लक्स क्लॅन' ही लोकांना धमकावणारी, हिंसा करणारी गोऱ्यांची संघटना. १९२८ साली याच न्यायालयानं न्यूयॉर्क राज्याला तिच्या सभासदांची यादी मागण्याचा हक्क मान्य केला होता. दुसऱ्यांवर दहशत बसवणारे वेगळे आणि दहशतीखाली राहून हक्क मागणारे वेगळे, हा फरक न्यायमूर्तींनी ओळखला.

लढाई मात्र तिथे संपली नाही. अलाबामानं नाना अडचणी उभ्या केल्या. चार वेळा सर्वोच्च न्यायालयात जावं लागलं. १९६४ मध्ये कुठे संस्थेला तिथे पुन्हा काम सुरू करता आलं!

आपल्या राज्यघटनेच्या १९ व्या कलमातही संघटना स्थापन करण्याचा हक्क आहे. आज घरी आई-बाबांना ते कलम दाखवायला सांगा. आणि पुढे कधी कुणी नावांची यादी मागितली, तर एक साधा प्रश्न जरूर विचारा : "कशासाठी हवी आहे?"