गुन्हा चौकटीबाहेर

खऱ्या गुन्ह्यांवरच्या मालिका घरोघरी पाहिल्या जातात, तर त्या करणाऱ्या एखाद्या दिग्दर्शकावर लिहा, असं संपादकांनी सुचवलं. मी रिची मेहता यांचं काम पुन्हा पाहायला घेतलं.

मेहता कॅनडात वाढले. 'अमल' (2007) हा त्यांचा चित्रपट दिल्लीतल्या रिक्षाचालकावरचा. पुढे 'दिल्ली क्राइम' (2019) या सात भागांच्या मालिकेला 2020 मध्ये सर्वोत्तम नाट्यमालिकेचा आंतरराष्ट्रीय एमी मिळाला. केरळमधल्या हस्तिदंत-तस्करीच्या तपासावरची 'पोचर' 2024 मध्ये आली.

मला मात्र 'दिल्ली क्राइम'च्या आधीची एक भेट सोडत नाही. दिल्लीत एका रिक्षावाल्यानं मेहतांना विचारलं होतं, 'डोंगरी' कुठे आहे? कामाला पाठवलेला त्याचा मुलगा परतला नव्हता आणि तो डोंगरीत असावा, एवढंच त्याच्या कानावर आलं होतं. बापाजवळ मुलाचा फोटोही नव्हता. मुंबईकराला जो पत्ता झोपेतही सांगता येईल, तो त्याला कुणी सांगितला नव्हता. त्यातून 'सिद्धार्थ' (2013) हा चित्रपट घडला. त्यात झिप, म्हणजे चेन, दुरुस्त करत फिरणारा बाप राजेश तैलंग यांनी उभा केला. तेच पुढे 'दिल्ली क्राइम'मध्ये तपास अधिकारी झाले.

मुलाचं काय झालं, हे 'सिद्धार्थ' दाखवत नाही, दाखवतो तो शोध. दिल्लीत बसमध्ये एका तरुणीवर सामूहिक बलात्कार झाला, त्या 16 डिसेंबर 2012 च्या रात्रीवर 'दिल्ली क्राइम' करतानाही मेहतांनी हाच नियम पाळला. बसमधला अत्याचार पडद्यावर येत नाही. तो कळतो जबाबातून, डॉक्टरांच्या बोलण्यातून आणि ते ऐकणाऱ्या, पोलीस अधिकाऱ्याच्या भूमिकेतल्या शेफाली शाह यांच्या चेहऱ्यावरून. बाकीचा वेळ जातो जागरणात, अपुऱ्या साधनांत आणि एकेका आरोपीचा माग काढण्यात. पीडितेच्या वेदनेचं प्रदर्शन न मांडता तिचं मोल सांगता येतं, हे या मालिकेनं सिद्ध केलं. 'पोचर'मध्ये त्यांनी आणखी एक पाऊल टाकलं. माणसं बोलत असताना त्याच दृश्यातून पशुपक्षी ये-जा करत राहतात. ज्यांना जबाब देता येत नाही, ते निदान हजर असतात.

तरीही एक काळजी उरते. 'दिल्ली क्राइम'ची वाट दिल्लीचे तेव्हाचे पोलीस आयुक्त नीरज कुमार यांच्यामुळे खुली झाली. ज्या दारातून आपण घरात शिरतो, तिथूनच घर दिसतं. इथे तपास करणारे पोलीस जवळून दिसतात, या गुन्ह्याच्या निषेधासाठी रस्त्यावर उतरलेली तरुणाई मात्र बरीचशी लांबून, कित्येकदा अडथळ्यासारखी. मालिका पोलिसांची बाजू घेते, हा आक्षेप मला खोडता येत नाही. त्या थकलेल्या अधिकाऱ्यांबद्दलचा आदरही खरा आहे, पण त्या आदरापोटी व्यवस्थेला विचारायचे प्रश्न मागे पडतात.

अशा मालिकेला कागद लागतात: फायली, जबाब, निकालपत्रं. ते ज्याच्या हाती असतात, त्याच्या नजरेतूनच सत्य आपल्यापर्यंत पोहोचतं. म्हणून 'सिद्धार्थ' मला मेहतांचं सर्वांत धाडसी काम वाटतं. त्या बापाकडे फाइल नव्हती, फोटोही नव्हता. होता तो फक्त गावाचा की वस्तीचा हेही ठाऊक नसलेला एक शब्द, आणि मेहतांनी तेवढा पुरावा पुरेसा मानला.