आई होण्याआधीच्या पंढरीबाई

येलहंक्यात किंवा बेंगळुरूच्या आणखी कुठल्या भागात स्थायिक झालेल्या मराठी माणसाला कन्नड नट राजकुमार कोण हे सांगावं लागत नाही, आणि रजनीकांत तर याच शहरात वाढलेला शिवाजीराव गायकवाड. पंढरीबाई हे नाव मात्र त्याच्या कानावर क्वचितच आलेलं असतं. 1954 साली 'बेडर कण्णप्प'मधून राजकुमार नायक झाले तेव्हा त्यांची नायिका पंढरीबाई होत्या. त्याआधी 1952 साली तमिळ 'पराशक्ती'तून शिवाजी गणेशन पडद्यावर आले तेव्हाही त्याच. भटकळला जन्मलेल्या या अभिनेत्रीने 1943च्या 'वाणी'पासून काम सुरू केलं होतं. म्हणजे हे दोन बडे नट नवखे होते तेव्हा सरावलेल्या त्या होत्या. तरी रसिकांच्या आठवणीत त्या उरल्या त्या मुख्यतः आई म्हणून. त्यांना आईच्या भूमिकांत नेलं ते वयाने नव्हे, चित्रपटधंद्याच्या सवयीने, असं माझं म्हणणं आहे.

यावर पहिला आक्षेप सरळ आहे: वय वाढलं की नायिकेने चरित्र भूमिकांकडे वळायचं, यात नवल ते काय? पण सनावळी पाहिली की हा आक्षेप टिकत नाही. 1965च्या 'एंगा वीट्टु पिळ्ळै'मध्ये पंढरीबाई एम. जी. रामचंद्रन यांच्या थोरल्या बहीण झाल्या. तीनच वर्षांनी, 'कुडियिरुंद कोयिल'मध्ये, त्यांच्याच आई. रामचंद्रन त्यांच्यापेक्षा वयाने दहा वर्षांहून अधिक मोठे होते आणि पन्नाशी ओलांडूनही नायकच होते. पंढरीबाई तेव्हा चाळिशीच्या आसपास. जवळपास त्यांच्याच वयाच्या राजकुमारांचीही आई त्यांनी पुढे रंगवली. मराठी वाचकाला हे ओळखीचं वाटेल. 1928 साली जन्मलेल्या सुलोचनादीदी 1970च्या 'जॉनी मेरा नाम'मध्ये प्राण आणि देव आनंद यांच्या आई होत्या, आणि हे दोघंही त्यांच्याहून वयाने मोठे. तेव्हा हा एका बाईच्या नशिबाचा प्रश्न नाही.

दुसरा आक्षेप जास्त वजनदार आहे. प्रेक्षकांनाच त्या सोशिक रूपात आवडल्या असतील, तर निर्मात्यांनी काय करावं? इथे 'अंद नाळ' (1954) हा तमिळ चित्रपट पाहायला हवा. एस. बालचंदर यांनी तो एकही गाणं न घालता केला. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात मद्रासमध्ये एका रेडिओ इंजिनिअरचा खून होतो, संशयित आपापली हकिगत सांगतात, आणि शेवटी उघड होतं की नवरा जपान्यांना माहिती पुरवत होता व त्याच्यावर गोळी झाडणारी त्याची बायको होती. ही बायको पंढरीबाईंनी केली. नवऱ्यावर जीव आहे आणि त्याचा द्रोहही दिसतो आहे, अशी ही बाई. तिचा संयम आधी आपल्याला दुःख वाटतो. उलगडा झाल्यावर कळतं की त्या संयमात गुन्ह्याची जाणीवही होती. पुढच्या सगळ्या सोशिक आयांना लागणारा चेहरा हाच, फक्त इथे त्याच्यामागे निर्णय घेणारं डोकं आहे. चित्रपटाला राष्ट्रीय पुरस्कारांत गुणवत्ता प्रमाणपत्र मिळालं. तिकीटबारीवर मात्र तो चालला नाही. प्रेक्षकांचा वाटा नाकारता येत नाही, हे मान्य. पण एका चित्रपटाच्या अपयशातून धंद्याने काय शिकायचं ते धंदाच ठरवतो. बिनगाण्यांच्या रहस्यपटाला गर्दी झाली नाही, म्हणून त्यातल्या नटीला असं काम पुन्हा देऊ नये, असं कुठे सिद्ध होतं?

आईच्या भूमिका हलक्या, असं मात्र म्हणवत नाही. अनेक भाषांत, हिंदीतल्या 'पैगाम'सह (1959), त्या काम करत राहिल्या. सतत काम मिळणं ही नटासाठी लहान गोष्ट नव्हे. 1992च्या 'मन्नन'मध्ये रजनीकांत ज्या आईसाठी इळैयाराजांचं गाणं गातो, ती आई पंढरीबाई. हे गाणं तमिळ घरांत आजही आईचं गाणं म्हणून वाजतं, आणि ते ऐकणाऱ्या कितीजणांनी 'अंद नाळ'मधली ती बायको पाहिली असेल, याची मला खरोखर काळजी वाटते. 2003 साली त्या गेल्या. 'अंद नाळ' आजही पाहता येतो.